हजेरीपटावरचं नाव

नीरा डाव्या कालव्याचं पाणी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला बारामती-इंदापूरच्या माळरानावर आलं आणि इथली शेती पालटली, हे सगळेच सांगतात. पाण्यावर ऊस आला, उसामागे कारखाने आले. त्या कारखान्यांबरोबर पगारावर जगणारा कामगार आला, त्याच्याविषयी मात्र फार कमी लिहिलं गेलं. गेल्या नव्वद वर्षांत या दोन तालुक्यांत त्याच्या पदरात काय पडलं, हे पाहायला बसलं की एकच गोष्ट पुन्हा पुन्हा समोर येते. कायदे एकामागून एक झाले, पण ज्याचं नाव मालकाच्या स्वतःच्या हजेरीपटावर होतं त्यालाच ते लाभले. ज्याचं नाव दुसऱ्याच कुणाच्या वहीत राहिलं, त्याच्यापर्यंत ते पोचलेच नाहीत.

सुरुवात इंदापूर तालुक्यातल्या कळंबच्या शिवारात होते. वालचंद हिराचंद यांनी १९३०च्या दशकात इथे साखर कारखाना काढला आणि भोवती वालचंदनगर वसवलं. कामगारांना चाळी, मुलांना शाळा, दवाखाना, ऊस आणायला अरुंद रुळांची खासगी रेल्वे. पुढे यंत्रनिर्मिती आली. अणुभट्ट्यांची यंत्रसामग्री आणि इस्रोच्या अग्निबाणांची आवरणं इथे तयार झाली. आसपासच्या खेड्यांतली पोरं इथेच फिटर, टर्नर, वेल्डर झाली. त्या पिढीला कंपनीविषयी वाटणारी आपुलकी खोटी नाही. पण कंपनीच्या वसाहतीत छप्पर नोकरीला बांधलेलं असतं, नोकरी गेली की घरही जातं. मालक चांगला असणं वेगळं आणि कामगाराच्या हाती हक्क असणं वेगळं, हा फरक तिथे कळतो.

हक्काची भाषा आली ती स्वातंत्र्याच्या आगेमागे. मुंबई औद्योगिक संबंध कायदा १९४६चा, साखर उद्योगासाठीचं पहिलं केंद्रीय वेतन मंडळ १९५७चं. याच सुमाराला माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगरचा छत्रपती हे सहकारी कारखाने उभे राहत होते. साखर कामगाराला वेतनश्रेणी मिळाली, महागाई भत्ता, भविष्यनिर्वाह निधी, बोनस मिळाला. हंगामी कामगारालाही गाळप बंद असतानाच्या महिन्यांसाठी ‘रिटेन्शन’ मिळू लागलं. धुराडं थंडावल्यावरही माणूस कारखान्याचाच आहे, हे त्या भत्त्याने मान्य केलं. मला ही त्या काळातली सर्वांत मोठी मिळकत वाटते.

सहकारात एक अडचण मात्र निराळी होती. संचालक गावातलाच, सभासद कामगाराचा चुलता नाहीतर मेव्हणा, आणि संप केला की नुकसान घरच्याच उसाचं. त्यामुळे भांडण दारात न होता राज्यपातळीवरच्या त्रिपक्षीय समितीत होत आलं. तिथली रीतही ठरून गेली आहे : जुना करार संपतो, वर्ष-दोन वर्षं बैठका चालतात, मग मागच्या तारखेपासून वाढ जाहीर होते. १ एप्रिल २०१९ पासूनची १२ टक्के वाढ २०२१ मध्ये ठरली. १ एप्रिल २०२४ पासूनची १० टक्के वाढ २०२५ मध्ये. मधल्या काळात घर चालवणाऱ्याला उशिरा हाती येणारा ‘फरक’ किती पुरतो, हे पतपेढीतली कर्जखाती सांगतील.

रत्नापुरी आणि वालचंदनगरच्या मळ्यांची गोष्ट याहून कडू आहे. खासगी कारखान्यांनी शेतकऱ्यांच्या जमिनी खंडाने घेऊन ऊसमळे उभे केले होते. १९६१च्या कमाल जमीनधारणा कायद्याने त्या सरकारकडे आल्या आणि १९६३ मध्ये स्थापन झालेलं महाराष्ट्र राज्य शेती महामंडळ त्या कसू लागलं. मळ्यातला मजूर आता सरकारी महामंडळाचा कामगार झाला. नाव हजेरीपटावर आलं, वेतन आयोगावर बोलता येऊ लागलं. पण महामंडळ तोट्यात गेलं, भरती थांबली, मळे ओस पडले. जमिनी खंडाने दिलेल्या शेतकऱ्यांनी, म्हणजे खंडकऱ्यांनी, दीर्घ लढा दिला आणि २०१२ पासून त्यांच्या जमिनी त्यांना परत मिळू लागल्या. ते न्याय्यच होतं. पण त्याच जमिनीत ज्यांच्या दोन-तीन पिढ्या राबल्या, त्यांच्या वाट्याला गळक्या चाळी आणि थकबाकीचे अर्ज आले. राहत्या जागी घरापुरती दोन गुंठे जमीन द्या, ही त्यांची मागणी. हजारो एकरांच्या वाटपात दोन गुंठ्यांसाठी वर्षानुवर्षं मोर्चे काढावे लागावेत, याचं समर्थन मला कुठल्याही नियमात सापडत नाही.

दोन्ही तालुक्यांचा जिरायती पट्टा या साऱ्यापासून लांब होता. सुपे, मोरगाव, लोणी भापकरकडच्या माणसाचं नाव सरकारी मस्टरवर ठळकपणे चढलं ते १९७२च्या दुष्काळात, खडी फोडताना आणि पाझर तलावांवर माती वाहताना. १९७७चा रोजगार हमी कायदा २६ जानेवारी १९७९ पासून लागू झाला. त्याने कामाच्या जागी पिण्याचं पाणी, सावली आणि लहान लेकरांसाठी पाळण्याची सोय बंधनकारक केली. पुढचं वाचताना हा पाळणा लक्षात ठेवावा.

नव्वदच्या दशकात बारामतीच्या एमआयडीसीचं रूप बदललं. पियाजिओच्या तीनचाकी १९९९ पासून इथून निघू लागल्या, दुधाचा मोठा प्रकल्प आला, भिगवणला कागद कारखाना होताच. पुढे फेरेरोची चॉकलेटं आली, टेक्स्टाइल पार्क आलं. या शेवटच्या दोन ठिकाणी बायका मोठ्या संख्येने कामाला लागल्या, हा मोठा बदल. फाट्यावर कंपनीच्या बसची वाट पाहत गळ्यात ओळखपत्र अडकवून उभी असलेली सून, हे दृश्य या भागाला नवं होतं. बँकेत तिच्या नावावर पगार येऊ लागला आणि घरात तिचा शब्द ऐकला जाऊ लागला. कारखाने कायद्यानुसार तीसहून अधिक बायका असल्या की पाळणाघर सक्तीचं होतं, २०१७ पासून बाळंतपणाची पगारी रजा २६ आठवड्यांची झाली. नोकरी पक्की असेल तर हे सारं मागता येतं.

पण इथेच हजेरीपट दुभंगला. एकाच लाइनवर, एकाच गणवेशात, एक पर्मनंट आणि शेजारचा ठेकेदाराचा, ही पद्धत पुण्याच्या साऱ्या औद्योगिक पट्ट्यात रुजली. कंत्राटी कामगार कायदा १९७०चा. तो २० कामगारांपासून लागू होता, राज्याने ती मर्यादा ५० वर नेली. २०१३ मध्ये ‘नीम’ योजना आली. तिच्यातला पोरगा कामगार नसून प्रशिक्षणार्थी, त्यामुळे त्याला ना पीएफ, ना ईएसआय. पुढे केंद्राने ती योजना गुंडाळली, पण तोवर अनेकांची उमेदीची वर्षं ‘ट्रेनी’ म्हणूनच गेली होती. अनुचित कामगार प्रथांविरुद्धचा राज्याचा १९७१चा कायदा चांगला, पण सिप्ला खटल्यात २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की मालक-कामगार हे नातंच वादात असेल तर त्या कायद्याखाली तक्रार चालणार नाही. म्हणजे ज्याला संरक्षणाची सर्वाधिक गरज, त्याने आधी आपण कुणाचे हे दुसऱ्या दारात सिद्ध करायचं.

आणि या सगळ्याच्या आधीपासून ऊसतोड मजूर आहे. त्याच्याशिवाय एकाही कारखान्याचं गाळप सुरू होत नाही. दसरा-दिवाळीनंतर बीड-नगरकडून टोळ्या येतात, कारखान्याच्या आसपास कोप्या पडतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. पहाटे अंधारात फडात, तोडायचं, मोळ्या बांधायच्या, डोक्यावरून गाडीत भरायच्या. गाडी रात्री लागली तरी भरावी लागते. हिरवं वाढं विकून वरखर्चाचे चार पैसे सुटतात. आजारपणाने किंवा बाळंतपणाने दिवस बुडाला तर खाडा, आणि तो टोळी आणणाऱ्या मुकादमाच्या वहीत, आगाऊ घेतलेल्या उचलीवर चढतो. तोडणीचा दर २०२० मध्ये १४ टक्क्यांनी वाढून टनाला २७३ रुपये झाला, जानेवारी २०२४ मध्ये ३४ टक्क्यांनी वाढून ३६६. दोन टन तोडले तर दोन माणसांच्या दिवसरात्रीचे सातशे-साडेसातशे.

बीड जिल्ह्यात २०१९ मध्ये, गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची चौकशी करणाऱ्या नीलम गोऱ्हे यांच्या समितीच्या वेळी, ८२ हजारांवर ऊसतोड बायकांची पाहणी झाली. त्यातल्या १३ हजारांवर बायकांची गर्भाशयं काढलेली होती. पाळी म्हणजे खाडा आणि खाडा म्हणजे कर्ज, इतका थेट हिशेब त्यामागे होता. या बायका आपल्याच कारखान्यांच्या फडात राबतात. त्याच तालुक्यात टेक्स्टाइल पार्कातल्या बाईच्या मुलाला पाळणाघराचा कायदा आहे आणि फडातलं लेकरू बांधावर झोळीत झोपतं. सोमेश्वर कारखान्यावर मजुरांच्या मुलांसाठी शिक्षणाचा ‘आशा’ प्रकल्प चालला. त्याचं मोल मी कमी मानत नाही, पण तो प्रकल्प आहे, हक्क नाही. स्थलांतरित मजुरांसाठी १९७९चा आंतरराज्य कायदा होता. बीडहून बारामतीला येणारा राज्याची हद्द ओलांडत नाही, म्हणून तो त्यात बसलाच नाही. एप्रिल २०२०च्या टाळेबंदीत राज्यभरातल्या कारखान्यांवर लाखाहून अधिक तोड मजूर अडकले, तेव्हा त्यांना घरी पाठवायला सरकारला वेगळा आदेश काढावा लागला. गोपीनाथ मुंडे यांच्या नावाचं कल्याण महामंडळ झालं. नोंदणी, ओळखपत्र, वसतिगृहं अशी कामं त्याच्याकडे आहेत.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून चार कामगार संहिता लागू झाल्या. प्रत्येक कामगाराला नियुक्तीपत्र, मुदतबंद नोकरीतही वर्षभरानंतर ग्रॅच्युइटी, हे त्यातलं स्वागतार्ह. कामगारकपातीला सरकारी परवानगी लागण्याची मर्यादा १०० वरून ३०० कामगारांवर नेली, हे एमआयडीसीतल्या मध्यम कारखान्यांतल्या माणसाला महाग पडणारं. नियुक्तीपत्राचं कलम प्रामाणिकपणे राबवायचं, तर पहिला कागद फडावर जायला हवा. तिथे आज साखळी अशी आहे : कारखान्याचा करार वाहनमालकाशी, वाहनमालकाचा मुकादमाशी आणि मुकादमाचा मजुराशी, तोही बहुतेक वेळा तोंडी. वजन कारखान्याच्या काट्यावर होतं, फड कारखान्याचा चिटबॉय नेमून देतो, तोडीचा क्रम कारखान्याचं शेतकी खातं ठरवतं. मग त्या नियुक्तीपत्रावर सही कारखान्याचीच असली पाहिजे, आणि तिच्यापुढे कोयत्यातल्या नवऱ्याचं आणि बायकोचं, दोघांचंही नाव वेगवेगळं लिहिलेलं असलं पाहिजे.