राजीनाम्याचे सात दिवस

ग्रामपंचायतीच्या निवडणुकीस उभें कसें राहावें, अर्ज कोठें द्यावा, अनामत किती भरावी, हें आपल्या शेतकरी बांधवांस तोंडपाठ असतें. परंतु मिळालेलें पद सोडावयाचें झाल्यास तें कसें सोडावें, याची माहिती फार थोड्यांस असते. आम्हीं महसूल खात्याच्या कारकुनींत उभें आयुष्य कागद हाताळण्यांत घालविलें. आतां आम्ही वर्तकनगरांत राहतों. मुरबाड-शहापूरकडील ओळखीची मंडळी कामानिमित्त ठाण्यास आली म्हणजे भेटतात, व त्यांतील कोणी ना कोणी विचारतो, "राजीनाम्यावर सही करून दिली आहे, आतां आमचें पद गेलें काय?" त्याचा खुलासा येथें करीत आहों.

हा प्रश्न निघतो याचें कारण उघड आहे. पुष्कळ गांवांत निवडणुकीनंतर असें ठरतें कीं, पांच वर्षांत चौघांनीं पद वांटून घ्यावें, प्रत्येकानें सव्वा वर्ष. या बोलीची हमी म्हणून पॅनेलचा पुढारी तारीख न घातलेला राजीनामा आधींच सही करून घेतो व आपल्या कपाटांत ठेवतो. आपल्या पणजा-खापरपणजांनीं सावकाराच्या दस्तावर, वाचतां येत नसतां, असेच अंगठे उठविले होते. त्याचा परिणाम म्हणून १८७५ सालीं पुणें जिल्ह्यांतील सुपें येथें दंगा झाला व दस्त जाळले गेले. पुढें १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्यानें शेतकऱ्याचा दस्त गांवच्या निबंधकासमोर व्हावा, असें ठरविलें. सावकाराच्या कागदाविषयीं जी सावधगिरी आपण शिकलों, ती पुढाऱ्याच्या कागदाविषयींहि बाळगली पाहिजे.

आतां कायदा पाहूं. १९५८ च्या ग्रामपंचायत अधिनियमांत कलम २९ हें सदस्यत्वाच्या राजीनाम्याविषयीं व कलम ३४ हें सरपंच-उपसरपंचांच्या पदाच्या राजीनाम्याविषयीं आहे. सदस्यानें आपल्या सहीचा लेखी राजीनामा सरपंचास उद्देशून द्यावयाचा असतो. सरपंचानें तो पंचायत समितीच्या सभापतीस, व उपसरपंचानें सरपंचास द्यावयाचा असतो. पुढाऱ्यास, आमदारास किंवा पक्षाच्या कचेरींत दिलेला कागद कायद्याच्या दृष्टीनें राजीनामा नव्हे. तसेंच पद सोडणें व सदस्यत्व सोडणें या दोन निराळ्या गोष्टी आहेत. ज्यास केवळ उपसरपंचपद सोडावयाचें असेल, त्यानें तेवढेंच स्पष्ट लिहावें.

सदस्यत्वाचा राजीनामा योग्य ठिकाणीं पोंचला म्हणजे तो पंचायतीच्या सचिवाकडे, म्हणजे ज्यास आपण ग्रामसेवक म्हणतों त्याजकडे, जातो. सचिवानें तो लगतच्या सभेपुढें ठेवावयाचा असतो. त्या दिवसापासून सात दिवस मोजावयाचे. राजीनामा खरा नाहीं असें ज्याचें म्हणणें असेल, त्यानें या सात दिवसांत जिल्हाधिकाऱ्याकडे वाद न्यावा. जिल्हाधिकाऱ्यानें शक्यतों पंधरा दिवसांत निकाल द्यावयाचा असतो. तो विरुद्ध गेल्यास पुनः सात दिवसांत विभागीय आयुक्ताकडे अपील करतां येतें. कोणीं वादच न नेल्यास सात दिवस सरतांच राजीनामा अंमलांत येतो.

येथें एक गोष्ट नीट ध्यानांत घ्यावी. राजीनामा कोणीतरी मंजूर करावा लागतो, अशी पुष्कळांची समजूत असते. ग्रामपंचायतींत तसें नाहीं. गुजराथेंत १९७४ च्या नवनिर्माण आंदोलनांत आमदारांकडून दडपणानें राजीनामे घेतले गेले. त्यानंतर त्याच वर्षीं घटनेची तेहतिसावी दुरुस्ती झाली, व आमदार-खासदाराचा राजीनामा स्वेच्छेचा व खरा आहे कीं नाहीं हें अध्यक्षानें पाहावें, असें ठरलें. गांवच्या सदस्यास असा राखणदार नाहीं. त्यास स्वतःच सात दिवसांत उठावें लागतें. शिवाय कागदावरील सही आपलीच असली, तर 'हा राजीनामा माझा नव्हे' हें पटविणें किती कठीण, हें ज्यानें कचेरी पाहिली आहे त्यास सांगावयास नको.

सामूहिक राजीनाम्यांचा विचार तर याहून गंभीर आहे. २०२३ सालीं मराठा आरक्षणाच्या मागणीसाठीं मराठवाड्यांत कित्येक गांवच्या सदस्यांनीं राजीनामे दिले. मागणीच्या योग्यायोग्यतेबद्दल आम्हांस येथें कांहीं म्हणावयाचें नाहीं. परंतु निम्म्याहून अधिक जागा रिकाम्या झाल्यास पंचायत विसर्जित होण्याची वेळ येते व कारभार प्रशासकाच्या हातीं जातो. घटनेप्रमाणें सहा महिन्यांच्या आंत निवडणूक व्हावयाची, आणि नव्या पंचायतीस उरलेल्या मुदतीपुरतेंच आयुष्य. तोंवर नळपाण्याची, पाणंद रस्त्याची कामें कोणाच्या दारीं न्यावयाचीं, हा विचार राजीनाम्याआधीं व्हावा.

आपलें गांव कोणत्या कायद्याखालीं आहे, हेंहि पाहावें. कल्याण-डोंबिवलीजवळचीं सत्तावीस गांवें १९८३ सालीं महानगरपालिकेंत गेलीं, २००२ सालीं बाहेर आलीं व १ जून २०१५ रोजीं पुनः आंत घेतलीं गेलीं. पंचायतीचा सदस्य राजीनामा सरपंचाकडे देतो. नगरसेवकाचा राजीनामा महानगरपालिका आयुक्ताकडे जातो. गांव तेंच, परंतु कागदाची वाट निराळी.

तात्पर्य, तारखेवांचून कोणत्याहि राजीनाम्यावर सही करूं नये. दिलेली असल्यास तो कागद परत मागून घ्यावा. खरोखरच राजीनामा द्यावयाचा असल्यास स्वतः लिहावा, स्वतः द्यावा, त्याची बारनिशींत नोंद करवून पोंच घ्यावी. सभेची नोटीस आली कीं विषयपत्रिका वाचावी, व सभेस गैरहजर राहूं नये. कारण आपला राजीनामा सभेपुढें आल्याचें ज्यास आठव्या दिवशीं कळतें, त्याची मुदत टळून गेलेली असते.