प्राणहिता: नदीचं नाव, मुलीचं नाव

गोदावरीला मिळणारी सगळ्यात मोठी नदी कोणती, असं विचारलं तर मराठी माणूस मांजरा, प्रवरा, पूर्णा अशी नावं घेईल. उत्तर आहे प्राणहिता. लांबी जेमतेम 113 किलोमीटर. खोरं मात्र सुमारे 1 लाख 9 हजार चौरस किलोमीटरचं, म्हणजे गोदावरीच्या सगळ्या खोऱ्याच्या एक तृतीयांशाहून थोडं अधिकच. विदर्भाचा बराच मोठा भाग, मध्य प्रदेशचा एक मोठा तुकडा आणि तेलंगणाचा उत्तर कोपरा एवढ्या मुलखाचं पावसाचं पाणी गोळा होऊन जातं ते या नावाखाली.

मुलीचं नाव म्हणून 'प्राणहिता' फार ऐकू येत नाही. अधूनमधून कानावर येतं आणि आलं की लोक थबकतात. 'अर्थ काय हो?' असा प्रश्न येतोच. आईबाप सांगतात, 'प्राणाला हितकर'. उत्तर बरोबर आहे, पण ते या नावाचं फक्त वरचं झाकण आहे. झाकण उघडलं की आत होमातलं एक पात्र निघतं, पाणिनीचं एक सूत्र निघतं, कोट्यवधी वर्षांपूर्वीची हाडं निघतात. इतकं सगळं पोटात घेऊन फिरणारं दुसरं नाव मला तरी माहीत नाही.

आधी नदीचंच पाहू. या नदीला उगमच नाही. म्हणजे गोमुख नाही, कुंड नाही, ब्रह्मगिरी नाही. वर्धा सातपुड्यात मुलताईच्या बाजूला उगम पावते, वैनगंगा सिवनी जिल्ह्यात. दोघी शेकडो किलोमीटर आपापल्या वाटेने येतात, तुमडीहेटीजवळ भेटतात, आणि तिथून पुढे दोघींपैकी कुणाचंच नाव उरत नाही. समोर पसरलेलं भलंमोठं पात्र एकदम 'प्राणहिता' म्हणवलं जातं. ही नदी जन्मतःच थोर आहे. पुढे सिरोंचा आणि काळेश्वर यांच्या मधोमध ती गोदावरीत मिसळते आणि नाव संपतं. एका संगमावर सुरू होऊन दुसऱ्या संगमावर संपणारं हे नाव आहे.

तेलंगणाच्या त्या उत्तर कोपऱ्यात आदिलाबाद जिल्हा आहे. त्याचा यात वाटा काय? 2016 च्या 11 ऑक्टोबरला तेलंगणात जिल्ह्यांची फेररचना झाली, तोवर प्राणहिता आदिलाबाद जिल्ह्याची पूर्व सीमा होती. पलीकडे गडचिरोली, अलीकडे आदिलाबाद. फेररचनेत एकाचे चार जिल्हे झाले. नदीचा काठ कुमुरम भीम आसिफाबाद आणि मंचिर्याल यांच्याकडे गेला. पण पाण्याला नवा नकाशा ठाऊक नाही. आजच्या आदिलाबादच्या उत्तर अंगाने पैनगंगा वाहते, पलीकडे यवतमाळ. जैनद, बेला या मराठी कानाला घरच्या वाटणाऱ्या भागातलं पाणी सातनाल्यातून पैनगंगेत उतरतं. पैनगंगा घुग्घुसजवळ वढा इथे वर्धेला मिळते, वर्धा वैनगंगेला, आणि मग प्राणहिता. बेल्याच्या एखाद्या घराच्या पन्हाळीतून गळणारं पावसाचं पाणीही शेवटी हेच नाव घेऊन गोदावरीत जातं. जिल्ह्याच्या दक्षिणेकडची कडम नदी मात्र प्राणहितेच्या वाटेला न जाता थेट गोदावरी गाठते. तिच्यावरच्या धबधब्याचं नाव कुंतला, आणि लोक ते शकुंतलेशी जोडतात. मुलींची नावं आणि पाणी यांचं या जिल्ह्यात काहीतरी जमतं खरं.

आता नावाकडे. ब्रह्मपुराणात गोदावरीचं माहात्म्य सांगणारा मोठा भाग आहे, गौतमीमाहात्म्य. त्यात गोदावरीला मिळणाऱ्या एका नदीचं नाव येतं: प्रणीता. ब्रह्मदेवाने केलेल्या यज्ञात प्रणीता नावाचं पात्र होतं, त्यातल्या पाण्याची ही नदी झाली, अशी कथा. हीच प्रणीता म्हणजे आपली प्राणहिता. तेव्हा एकाच नदीची ही दोन नावं. पैकी 'प्रणिता' गेल्या पिढीत मराठी घरांत चांगलंच रुळलं, 'प्राणहिता' अजून दाराशीच उभं आहे.

हे प्रणीता पात्र आपण सगळ्यांनी पाहिलेलं असतं, फक्त नाव माहीत नसतं. मुंजीत किंवा लग्नाच्या होमात गुरुजी अग्नीच्या उत्तरेला दर्भ अंथरून त्यावर पाण्याची पात्रं मांडतात. एक प्रोक्षणी, शिंपडायच्या पाण्याची. दुसरी प्रणीता. मंत्र म्हणून, अग्नीजवळ पुढे नेऊन ठेवलेलं पाणी ते प्रणीता. वर दर्भ झाकलेले असतात. मोठ्या श्रौत यज्ञात पुरोडाशाचं पीठ याच पाण्यात भिजवत. साधं आड-विहिरीचं पाणी, पण कुणीतरी ते मुद्दाम उचललं, जपून पुढे नेलं, योग्य जागी ठेवलं, एवढ्यानेच ते वेगळं झालं. नेण्याची क्रियाच त्याला नाव देते.

आणि नाव अगदी तेच सांगतं. 'प्र' म्हणजे पुढे, 'नी' म्हणजे नेणे. प्रणीता म्हणजे पुढे नेलेली. 'नी' मधल्या 'न'चा 'ण' झाला तो 'प्र'मधल्या रकारामुळे. रकाराचा उच्चार करताना जीभ वर वळते आणि पुढचा 'न' आपल्याबरोबर ओढून घेते. 'प्राण' या शब्दातही तीच गंमत आहे. तिथे धातू वेगळा आहे: 'अन्', श्वास घेणे. 'प्र' आणि 'अन्' मिळून प्राण, आणि इथेही 'न'चा 'ण'. पाणिनीने या एका धातूसाठी स्वतंत्र सूत्र ठेवलं आहे: 'अनितेः'. एका श्वासासाठी एक सूत्र! अष्टाध्यायीत अक्षर वाचवण्यासाठी केवढा आटापिटा असतो, हे ज्याला माहीत आहे त्याला या सूत्राचं मोल कळेल.

उरलं 'हिता'. 'हित' हा 'धा' धातूचा शब्द, आणि 'धा' म्हणजे ठेवणे. हित म्हणजे मुळात ठेवलेलं, नीट जागच्या जागी बसवलेलं. भल्याचं, फायद्याचं हा अर्थ त्यातूनच उगवला: जे जिथे असायला हवं तिथे आहे, ते भल्याचं. म्हणजे एका नावात 'पुढे नेलेली' आणि दुसऱ्या नावात 'जागी ठेवलेली'. होमातल्या त्या पात्राच्या बाबतीत हे दोन्ही क्रमाने घडतं. आधी पाणी पुढे नेतात, मग उत्तरेला ठेवतात.

याच घरातलं तिसरं नाव प्रणिती. सोलापूरच्या खासदार प्रणिती शिंदे यांच्यामुळे ते महाराष्ट्रभर पोचलं. मूळ शब्द 'प्रणीति', ऋग्वेदातला. अर्थ नेणं, वाट दाखवणं. तिन्ही नावं ऐकायला मऊ, आजकालची वाटतात, आणि तिन्हींच्या तळाशी इतकं जुनं व्याकरण.

पाणी पुढे नेण्याची गोष्ट आदिलाबादमध्ये पोथीतच राहिलेली नाही. इंद्रवेल्ली मंडळात केस्लापूर नावाचं गाव आहे. तिथे पौष अमावस्येला नागोबाची जत्रा भरते. ती मेस्राम कुळातल्या गोंडांची. जत्रेआधी या कुळातली माणसं अनवाणी पायांनी जन्नारम मंडळातल्या हस्तिनमडुगूपर्यंत चालत जातात, तिथे गोदावरीचं पाणी कलशात भरतात आणि तसंच चालत परत आणतात. नागोबाला स्नान घालायचं ते याच पाण्याने. केस्लापुरात पाणी नाही असं नाही. पण देवाला लागतं ते चालत आणलेलं पाणी. श्रौत यज्ञाची परंपरा वेगळी, गोंडांची वेगळी, दोघांचे देव वेगळे. तरी पाणी नेण्यानेच पवित्र होतं हे दोघांनीही ओळखलं, हे पाहून मी थक्क होतो. पूजा झाली की 'भेटिंग' होतं: कुळात लग्न होऊन आलेल्या नव्या सुनांची नागोबाशी भेट घालून देतात, आणि तिथून पुढे त्या कुळाच्या पूजेत सामील होतात.

नदीचं नाव मुलीला द्यावं की देऊ नये यावरही जुन्या लोकांनी मत देऊन ठेवलं आहे. नक्षत्राचं, झाडाचं किंवा नदीचं नाव असलेल्या मुलीशी लग्न करू नये, असं मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात चक्क लिहिलं आहे. मराठी घरांनी ते अजिबात ऐकलं नाही. रोहिणी, तुळसा, गोदावरी, यमुना, कृष्णा, भागीरथी, सिंधू यांच्याशिवाय आपल्याकडे एक पिढी सांगता येणार नाही. वारली आदिवासींच्या लढ्यात उतरलेल्या गोदावरी परुळेकर आणि लावणी जपणाऱ्या यमुनाबाई वाईकर, या दोघींची नावं नद्यांची. आज्ञा मोडणाऱ्या त्या आईबापांबद्दल मला मनापासून आदर वाटतो. पण त्यांनी निवडलेल्या बहुतेक नद्या उत्तरेच्या, नाहीतर पश्चिमेच्या. घरामागून वाहणारी पैनगंगा किंवा प्राणहिता पाळण्यात पोचली नाही. विदर्भातल्या मुलींना यमुना म्हणायचं, जी त्यांनी कधी पाहिलेली नसायची. 'प्राणहिता' हे नाव आज ठेवणारे आईबाप ही जुनी चूक दुरुस्त करताहेत, असं मी समजतो.

भूशास्त्रज्ञांना मात्र हे नाव कधीच परकं नव्हतं. 'प्राणहिता-गोदावरी खोरं' हा त्यांच्या रोजच्या बोलण्यातला शब्द. इथे जमीन फार पूर्वी खचत गेली, आणि त्या खोल पट्ट्यात नद्यांनी गाळाचे थर साठवले. कोळसा तिथला आणि जीवाश्मही तिथलेच. सिरोंचा तालुक्यात प्राणहितेच्या काठी कोटा नावाचं गाव आहे. त्याच्यावरून तिथल्या खडकांच्या एका थराला 'कोटा' हेच नाव पडलं. या थरात भारतीय सांख्यिकी संस्थेच्या संशोधकांना एका प्रचंड शाकाहारी डायनोसॉरची हाडं मिळाली. 1975 मध्ये त्याचं बारसं झालं: बारापासॉरस टागोरी. 'बारा पा' म्हणजे बंगालीत मोठा पाय, आणि टागोरी हे रवींद्रनाथांच्या आठवणीसाठी. त्याचा सांगाडा आज कोलकात्यात उभा आहे. नदीच्या अलीकडच्या काठाला, त्या वेळच्या आदिलाबाद जिल्ह्यात, यामनपल्लीजवळ दुसरा एक सापडला. 1988 मध्ये त्याला नाव मिळालं कोटासॉरस यामनपल्लीएन्सिस. एका डायनोसॉरच्या नावात नदीच्या दोन्ही काठांवरची दोन खेडी! हैदराबादच्या बिर्ला विज्ञान केंद्रात तो पाहता येतो. मुलीचं नाव प्राणहिता असेल तर तिला तिथे जरूर न्यावं. तिच्या नावाच्या नदीने उघडं पाडलेलं ते जनावर आहे.

तेलुगू लोक या नदीचा पुष्करही साजरा करतात. गुरू मीन राशीत गेला की प्राणहितेचा पुष्कर लागतो, बारा दिवस लोक तिच्यात स्नान करतात. मागचा 2022 च्या एप्रिलमध्ये झाला. तेलंगणाच्या काठावर आणि पलीकडे सिरोंचाकडे, दोन्हीकडे घाट गजबजले होते. बारा वर्षांनी पाळी येत असल्याने पुढचा 2034 च्या सुमारास येईल.

आदिलाबादमधल्या मराठी घराने हे नाव ठेवायचं ठरवलं तर लिहिताना एक गोष्ट ध्यानात घ्यावी. संस्कृतातल्या मुलींच्या नावांचा शेवटचा 'आ' तेलुगूत ऱ्हस्व होतो: सीतेची 'सीत' होते, राधेची 'राध'. तसंच प्राणहितेचं 'प्राणहित' होणार. शाळेच्या तेलुगू हजेरीत ते तसंच लागेल आणि ते चुकलेलं नसेल. त्या भाषेत ते स्त्रीलिंगीच आहे. दुसरा फरक मधल्या 'ण'चा. आपण मराठीत तो अर्धवट सोडतो, 'प्राण्-हिता' असं म्हणतो. तेलुगू माणूस तिथला अकार पुरा उच्चारतो. म्हणूनच इंग्रजी नकाशांवर आणि भूशास्त्राच्या पुस्तकांत हे नाव मधल्या 'ए'शिवाय दिसतं, तर तेलंगणाच्या सरकारी कागदांत, अभयारण्याच्या आणि धरण प्रकल्पाच्या नावात तो 'ए' असतो. जन्मदाखला एकदाच निघतो. माझं मत विचाराल तर 'ए' ठेवावा. त्याने संस्कृतही राहतं, तेलुगू शेजाऱ्यांच्या तोंडीही नाव नीट बसतं, आणि घरी आजीने 'प्राण्हिता' म्हणून हाक मारली तर पोरगी ओ देईलच.