‘फॅसिनेटिंग’ : रस, भुरळ आणि दृष्ट

अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात शिरल्यावर डोळे अंधाराला सरावायला थोडा वेळ लागतो. मग आतल्या दाराच्या डाव्या अंगाला, हाती कमळ घेतलेला पद्मपाणी भिंतीतून हळूहळू पुढे येतो. झुकलेल्या पापण्या, किंचित कललेली मान. मागून आलेल्या पर्यटकांच्या घोळक्यातून अशा वेळी हमखास एक शब्द ऐकू येतो, ‘फॅसिनेटिंग!’ हाच शब्द सकाळी मोटारीत नव्या मोबाइलसाठी वापरला गेलेला असतो आणि रात्री हॉटेलातल्या भाजीसाठीही वापरला जाणार असतो. आपल्या घरांतील इंग्रजी माध्यमात शिकलेल्या पिढीच्या तोंडी तो इतका रुळला आहे की त्याला काही वजन होते, हे कोणाच्या ध्यानीमनीही नसते.

हा शब्द मुळात कौतुकाचा नाही. लॅटिन भाषेत ‘फॅसिनुम’ म्हणजे करणी, दृष्ट. आणि दृष्ट लागू नये म्हणून गळ्यात बांधायच्या ताइतालाही हेच नाव होते. रोमन माता आपल्या मुलांच्या गळ्यात असे ताईत घालत असत. दुकानाच्या दाराशी शनिवारी लिंबू-मिरची टांगणाऱ्या, बाळाच्या गालाला काजळाची तीट लावणाऱ्या आणि मीठ-मोहऱ्यांनी दृष्ट काढणाऱ्या समाजाला ही कल्पना समजावून सांगावी लागत नाही. सोळाव्या शतकाच्या अखेरीस हा शब्द इंग्रजीत रुजला तोही जादूटोणा करणे याच अर्थाने. पुढे तो सापाला चिकटला. साप भक्ष्याकडे एकटक पाहतो आणि त्या नजरेने पक्षी जागच्या जागी खिळतो, अशी समजूत होती. त्या खिळवण्याला इंग्रज ‘फॅसिनेट करणे’ म्हणत. आज रूढ असलेला, मन वेधून घेण्याचा सौम्य अर्थ पक्का झाला तो एकोणिसाव्या शतकात.

मराठीने या अर्थासाठी शब्दांची मोठी रास जमवून ठेवली आहे. मोहिनी, भुरळ, भूल, वेड, नाद, गारूड. यांपैकी ‘गारूड’ हा इंग्रजी शब्दाचा सख्खा भाऊ शोभतो, कारण त्याच्याही मुळाशी सापच आहे. सापाचे विष उतरवणाऱ्या मंत्राला गारूड म्हणत; गारुडी हा शब्द त्यातलाच. जैन घरांत तर नजरेत विष असलेल्या सर्पाची कथा मुलांना पाळण्यापासून ऐकायला मिळते. चंडकौशिकाने भगवान महावीरांवर आपली विषारी दृष्टी रोखली आणि ती निष्प्रभ ठरली. फॅसिनेशनचा मूळ अर्थ कोणाला उलगडून सांगायचा असेल, तर लॅटिन कोशापेक्षा ही कथा लवकर उपयोगी पडेल.

‘इंटरेस्टिंग’ आणि ‘फॅसिनेटिंग’ हे शब्द आज एकाच मालाच्या दोन प्रतींसारखे वापरले जातात. जणू पहिल्याला थोडा अधिक भाव दिला की दुसरा मिळतो. व्यापारी माणसाने तरी हा घोटाळा करू नये. इंटरेस्ट म्हणजे रस, आणि इंटरेस्ट म्हणजे व्याजही. मुळात ‘संबंध असणे, फरक पडणे’ असा त्याचा आशय आहे; ज्याची भागी असते त्याला इंटरेस्ट असतो. भागी काढून घेता येते, खाते बंद करता येते. (जाता जाता, आपला ‘व्याज’ हा शब्दही गमतीचा आहे. संस्कृतात व्याज म्हणजे बहाणा, कपट. म्हणूनच ‘निर्व्याज प्रेम’ म्हणजे निष्कपट प्रेम. बिनव्याजी कर्जाशी त्याचे नाते नाही.) फॅसिनेशनमध्ये मात्र खातेवही आपल्या हाती राहत नाही. मराठी व्याकरणाने हा फरक फार नेमका टिपला आहे. ‘मी रस घेतो’ असे आपण म्हणतो. तिथे कर्ता मी आहे. पण ‘मी भुरळ पडतो’ असे कोणी म्हणत नाही. मला भुरळ पडते, मला वेड लागते, मला दृष्ट लागते. क्रिया घडते ती माझ्यावर.

इंग्रजीतही तसेच आहे आणि मुलाखतींत, भाषणांत नेमकी तिथेच चूक होते. ‘आय ॲम फॅसिनेटेड’ म्हणजे मला भुरळ पडली आहे. ‘आय ॲम फॅसिनेटिंग’ म्हणजे मीच इतरांना भुरळ पाडणारा आहे. नोकरीच्या मुलाखतीत दुसरे वाक्य बोलून बसलेल्या उमेदवाराच्या आत्मविश्वासाचे समोरच्या मंडळींना नवल वाटले तर दोष त्यांचा नव्हे. ज्याने भुरळ घातली त्याच्या आधी ‘बाय’ येतो किंवा ‘विथ’. ‘फॅसिनेशन फॉर’ या रचनेत जुन्या शिस्तीप्रमाणे वस्तू आधी येते आणि माणूस नंतर: लेण्यांना अमक्यासाठी भुरळ होती, असा तो उलटा क्रम. आता तो फारसा कोणी पाळत नाही.

या शब्दाचा जुना, धोक्याचा अर्थ अजिंठ्यातच एका भिंतीवर रंगवलेला आहे, आणि योगायोग असा की ती कथा व्यापाऱ्यांची आहे. सतराव्या लेण्यात उजव्या भिंतीवर सिंहल नावाच्या व्यापाऱ्याची कथा विस्ताराने चितारली आहे. पाचशे व्यापाऱ्यांसह निघालेले त्याचे जहाज फुटते. किनाऱ्याला लागलेल्यांचे स्वागत सुंदर स्त्रिया करतात. त्या वास्तविक राक्षसिणी असतात. एक दिव्य घोडा सुटकेसाठी येतो, अट एकच: मागे वळून पाहायचे नाही. पाठीवरून घसरतात ते मागे पाहणारेच. सिंहल सुखरूप परततो, पण राक्षसीण त्याच्या मागोमाग त्याच्या राजाच्या दरबारात पोहोचते आणि सिंहलाने सावध केल्यावरही राजा तिला भुलतो. हत्ती, घोडे, जहाजे आणि माणसांची गर्दी असलेल्या त्या भिंतीसमोर लोक बराच वेळ उभे राहतात, पण ही कथा आपल्या घरातली आहे हे जैन पर्यटकांपैकी फार थोड्यांच्या लक्षात येते.

श्वेतांबर आगमांतील सहावे अंग ज्ञाताधर्मकथा. त्यातील नववे अध्ययन माकंदीपुत्रांचे. चंपानगरीचे जिनपालित आणि जिनरक्षित हे सख्खे भाऊ. अकरा वेळा समुद्रपर्यटन करून भरपूर कमाई झालेली. आईवडील सांगतात, आता पुरे, बारावी खेप धोक्याची असते. तरी ते निघतात. जहाज फुटते, फळीच्या आधाराने दोघे रत्नद्वीपाला लागतात आणि तिथल्या देवीच्या ताब्यात सापडतात. सुखोपभोगांना तोटा नाही. एकदा कामानिमित्त बाहेर जाताना ती बजावते, दक्षिणेकडच्या वनात जाऊ नका, तिथे भयंकर विषारी सर्प आहे. ते जातात. तिथे सर्प नसतो. असतो हाडांचा खच आणि सुळावर चढवलेला एक मरणोन्मुख माणूस. तोही व्यापारीच, काकंदी नगरीचा, घोड्यांचा व्यापार करणारा. तोही असाच जहाज फुटून आलेला. तो त्यांना सेलक यक्षाकडे पाठवतो.

यक्ष घोड्याचे रूप घेऊन दोघांना पाठीवर बसवतो आणि सांगतो, ती मागून येईल, कठोर बोलेल, गोड बोलेल. तुमचे मन वळले तर मी पाठीवरून खाली टाकीन. देवी येते. आधी धमकावते, दोघेही ढळत नाहीत. मग लाडीगोडी लावते, तरी नाही. तेव्हा तिला उमगते की जिनरक्षिताचे मन किंचित हलले आहे, आणि ती फक्त त्याच्याशी बोलू लागते. जिनपालिताला मी कधी आवडले नाही, तोही मला आवडला नाही; पण तुझे नि माझे तसे नव्हते. इतकेच. जिनरक्षित वळून पाहतो. यक्ष त्याला खाली टाकतो आणि देवी त्याचे तुकडे करते. जिनपालित चंपेला पोहोचतो, आईवडिलांना सर्व सांगतो आणि घर रडते.

कर्मसिद्धांतात आठ कर्मांपैकी मोहनीय कर्माला मद्याची उपमा देतात. प्यालेल्या माणसाला आपण काय करतो आहोत ते कळत नाही, तसे. तरीही जिनरक्षिताच्या बाबतीत एक गोष्ट खटकत राहते. त्याने सुळावरचा माणूस पाहिला होता. माहितीची कमतरता नव्हती. भुरळ ही अज्ञानावर अवलंबून नसते, हे या कथेने जितक्या निष्ठुरपणे दाखवले आहे तितके कोणत्याही शब्दकोशाला जमलेले नाही.

अजिंठ्याची भुरळ पडलेल्या माणसांत रॉबर्ट गिलचे नाव सर्वप्रथम घ्यावे लागते. 1819 मध्ये वाघाच्या शिकारीला निघालेल्या जॉन स्मिथने लेणी पाहिली आणि दहाव्या लेण्यात आपले नाव कोरून ठेवले. त्याचे काम तेवढ्यावर संपले. गिल हा मद्रास सैन्यातला अधिकारी. ईस्ट इंडिया कंपनीने 1844 मध्ये त्याला चित्रांच्या प्रतिकृती करण्यासाठी नेमले. सुरुवातीला तो निव्वळ इंटरेस्ट होता: पगार, हुकूम, ठरलेले काम. पण गिल अजिंठा गावातच राहिला आणि वर्षामागून वर्षे मोठमोठ्या कापडांवर तैलरंगांत त्या भिंती उतरवत गेला. पारो ही स्थानिक स्त्री त्याच्या आयुष्यात आली. 23 मे 1856 रोजी ती वारली. तिची कबर अजिंठा गावात आहे. ना. धों. महानोरांनी ‘अजिंठा’ या दीर्घकाव्यात ही कहाणी मांडली आणि 2012 मध्ये नितीन देसाई यांनी तिच्यावर चित्रपट केला.

गिलची चित्रे लंडनला जाऊन क्रिस्टल पॅलेसमध्ये टांगली गेली आणि डिसेंबर 1866 च्या आगीत बहुतेक सर्व जळाली. त्यानंतर मुंबईच्या कला विद्यालयाचे जॉन ग्रिफिथ्स यांनी 1872 पासून विद्यार्थ्यांना घेऊन पुन्हा प्रतिकृती केल्या; 1885 मध्ये साउथ केन्सिंग्टन येथील आगीत त्यांतल्याही पुष्कळ नष्ट झाल्या. या चित्रांना कोणाची तरी दृष्ट लागली, असे म्हणण्याचा मोह व्हावा असाच हा प्रकार आहे. वस्तुस्थिती मात्र उलटी दिसते. दृष्ट लागली ती भिंतींना, आणि ती चाहत्यांचीच. रंग स्पष्ट दिसावेत म्हणून चित्रांवर व्हार्निश चढवले गेले आणि तेच पुढे काळवंडले. आवडलेले चेहरे काहींनी भिंतीवरून खरवडून नेले. स्मिथप्रमाणे नावे कोरणारे तर पुष्कळ झाले. ‘फॅसिनुम’ या शब्दात दृष्ट आणि ताईत दोन्ही का सामावले, ते इथे बरेचसे उमगते. आज पर्यटकांना कठड्याआड ठेवले जाते आणि चित्रांवर फ्लॅश मारू दिला जात नाही, हा एका अर्थी उशिरा बांधलेला ताईतच.

आगीची वार्ता पोहोचली तेव्हा गिलने वयाची साठी ओलांडलेली होती. वीस वर्षांच्या श्रमांची राख झालेली. त्या आधीच तो छायाचित्रणही शिकला होता आणि 1864 मध्ये जेम्स फर्ग्युसनच्या मजकुरासह त्याच्या लेण्यांच्या छायाचित्रांचे पुस्तक निघाले होते. तेवढ्यावर थांबायला हरकत नव्हती. पण गिलने पुन्हा प्रतिकृतींचे काम हाती घेतले, त्याच भिंतींसमोर, त्याच अंधारात. 1879 मध्ये तो आजारी अवस्थेत अजिंठ्याहून निघाला. भुसावळपर्यंतच पोहोचला, त्याची कबर तिथेच आहे.