मॅक्स डिलनच्या अंगात किती व्होल्ट?

न्यूयॉर्कमधला एक लाइनमन खांबावर चढून तारांचं काम करतोय आणि नेमकी तेव्हाच त्याच्यावर वीज कोसळते. माणूस मरत नाही, उलट त्याच्या बोटांतून ठिणग्या उडू लागतात. ‘द अमेझिंग स्पायडर-मॅन’च्या 9व्या अंकात, 1964 साली, स्टॅन ली आणि स्टीव्ह डिटको यांनी हा मॅक्स डिलन वाचकांसमोर आणला. हिरवा-पिवळा पोशाख आणि चेहऱ्यावर विजेच्या नागमोडी रेषांचा ताऱ्यासारखा मुखवटा. नाव इलेक्ट्रो. खांबावर अडकलेल्या सहकाऱ्याला सोडवायलाही जो आधी पैसे मागतो, अशा माणसाच्या हाती एवढी ताकद यावी, ही त्या कथेतली खरी भीती. मला मात्र त्याच्या स्वभावापेक्षा त्याच्या शरीराचं कुतूहल वाटत आलं आहे. ही वीज त्याच्या अंगात राहते तरी कुठे?

वीज अंगावर पडून माणूस वाचतो, इथपर्यंत अतिशयोक्ती नाही. ज्यांच्यावर वीज पडते त्यांतले बरेच जण वाचतात, कारण प्रवाहाचा मोठा भाग क्षणार्धात त्वचेवरून सरकत जमिनीत उतरतो. अमेरिकेतल्या शेनानडोआ राष्ट्रीय उद्यानातले वनरक्षक रॉय सुलिव्हन यांच्यावर 1942 ते 1977 या काळात तब्बल 7 वेळा वीज पडली आणि सातही वेळा ते वाचले. त्यांच्या बोटांतून ठिणग्या मात्र निघाल्या नाहीत, कारण आपलं शरीर विद्युतभार साठवण्यात फारच दुबळं आहे. थंड, कोरड्या हवेत गालिच्यावरून चालून दाराच्या मुठीला हात लावला की जो चटका बसतो, त्या वेळी अंगावर हजारो व्होल्ट असतात, पण भार नगण्य असतो. आकाशातली वीज त्याच्या लाखो पट भार घेऊन येते. एवढा भार अंगात कोंडून ठेवणं कोणत्याही माणसाला शक्य नाही.

म्हणजे डिलनला वीज साठवून चालणार नाही, ती अंगातच तयार करावी लागेल. इथून ही गोष्ट फार सुंदर होत जाते.

तुमच्या-माझ्या शरीरातली प्रत्येक जिवंत पेशी विजेवर चालते. तिच्या पातळ पटलाच्या आत आणि बाहेर सोडियम, पोटॅशियमसारख्या आयनांचं प्रमाण वेगवेगळं असतं, आणि त्या फरकातून मज्जापेशीच्या पटलावर साधारण 70 मिलिव्होल्टचा दाब तयार होतो. आकडा अगदी किरकोळ वाटतो. पण ते पटल किती पातळ आहे ते पाहा: जाडी मीटरच्या अब्जांश भागांत मोजावी लागते, तीही दहाच्या आतच. इतक्या कमी अंतरावर 70 मिलिव्होल्ट म्हणजे दर मीटरला सुमारे 1 कोटी व्होल्टचं विद्युतक्षेत्र! कोरडी हवा दर मीटरला 30 लाख व्होल्टच्या आसपास फुटते आणि ठिणगी पडते. त्याहून तीव्र क्षेत्र हे वाचताना तुमच्या मेंदूतल्या पेशीपेशीत उभं आहे. ते बाहेर जाणवत नाही याचं कारण साधं आहे: आपल्या पेशींची तोंडं चहूदिशांना आहेत. एकीचा दाब दुसरीच्या दाबात मिळत नाही.

दक्षिण अमेरिकेतल्या इलेक्ट्रिक ईल माशाने हीच अडचण सोडवली आहे. त्याच्या शरीराचा बहुतेक भाग चपट्या विद्युतपेशींनी भरलेला असतो, आणि त्या बॅटरीत एकामागे एक घातलेल्या सेलसारख्या रांगेत बसलेल्या असतात. मेंदूचा हुकूम येताच सगळ्या एकदम चालू होतात. प्रत्येकीचा वाटा असतो 0.15 व्होल्टच्या आसपास, पण हजारो वाटे जुळतात. 2019 साली या माशाची जी नवी जात ओळखली गेली, तिच्यातल्या एका माशाने 860 व्होल्टचा झटका दिल्याची नोंद आहे. जातीचं नाव ठेवलं ‘व्होल्टाय’, आणि तो मान अगदी योग्य जागी गेला. अलेस्सांद्रो व्होल्टा यांनी 1800 साली जगातली पहिली बॅटरी जाहीर केली, तेव्हा त्यांनी तिची तुलना विद्युत माशाच्या अवयवाशीच केली होती. मानवाच्या विजेच्या युगाची एक वाट माशाच्या पोटातून निघाली आहे, हे मला अजूनही विलक्षण वाटतं.

2014च्या स्पायडर-मॅन चित्रपटात जेमी फॉक्सचा मॅक्स डिलन इलेक्ट्रिक ईल माशांच्या टाकीत पडून इलेक्ट्रो होतो. खांबावरच्या विजेपेक्षा हा उगम मला अधिक पटतो. तरी हिशेब करून पाहू. 860 व्होल्टची ठिणगी हवेत एक मिलिमीटरही उडी मारू शकत नाही. खोलीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत लोळ फेकायचा तर निदान 10 लाख व्होल्ट हवेत. 860 व्होल्ट देणारा मासा मीटरहून थोडा लांब असतो, म्हणजे त्याच मापाने इलेक्ट्रोच्या पेशींची रांग किलोमीटरभराहून लांब होईल. पेशींची त्याला कमी नाही, माणसाच्या शरीरात त्या लाखो कोटी असतात. कमी पडते ती लांबी.

आता 1964च्या त्या अंकातल्या शेवटच्या मारामारीकडे या. स्पायडर-मॅन रबरी हातमोजे आणि बूट घालतो आणि आग विझवायच्या पाइपातून इलेक्ट्रोवर पाण्याचा मारा करतो. इलेक्ट्रो हतबल होतो. वरवर पाहता ही सोयीची युक्ती वाटते, पण तिच्यामागे अस्सल भौतिकशास्त्र आहे. नळाच्या पाण्यात क्षार असतात. अंग आणि जमीन ओली झाली की प्रवाहाला शत्रूपर्यंत जाण्याऐवजी त्वचेवरूनच जवळची वाट मिळते आणि दाब उभाच राहत नाही. माशांनाही हेच गणित सांभाळावं लागतं. नदीच्या कमी क्षारांच्या पाण्यात प्रवाहाला अडथळा जास्त, म्हणून ईलच्या पेशींच्या रांगा लांब आणि व्होल्ट जास्त. समुद्रातल्या टॉर्पेडो माशाभोवती खारं, सहज वीज वाहून नेणारं पाणी असतं. त्याच्या रांगा आखूड पण संख्येने पुष्कळ असतात, त्यामुळे व्होल्ट कमी आणि प्रवाह भरपूर. डिलन न्यूयॉर्कच्या कोरड्या हवेसाठी घडलेला होता. पाइपाचा नळ उघडला आणि त्याची परिस्थिती बदलली, पण त्या पाण्याला साजेशी पेशींची मांडणी त्याच्याकडे नव्हती.