बिबट्याचा हिशेब मांडणाऱ्या बाई

नारायणगाव, ओतूर, मंचर या भागात बिबट्या कोणाला ठाऊक नाही? कालव्याचे पाणी आले, ऊस वाढला, नि उसात बिबट्या राहू लागला. तिथे त्याला आडोसा मिळतो. वस्तीवरची कुत्री, शेळ्या, वासरे खाऊन त्याचे पोट भरते.

बिबट्या दिसला की आपण म्हणतो, "धरा नि लांब जंगलात सोडा." २००१ सालापासून जुन्नर भागात तसेच झाले. पुष्कळ बिबटे पिंजऱ्यात धरून दूर सोडले. तरी माणसांवरचे हल्ले वाढलेच. असे का व्हावे?

विद्या अत्रेय या शास्त्रज्ञ बाईंनी हे कोडे हाती घेतले. वन्य प्राण्यांचा अभ्यास हेच त्यांचे काम. त्यांनी व त्यांच्या साथीदारांनी आधी हिशेब मांडला. १९९३ ते २००१ या काळात वर्षाला सरासरी ४ हल्ले होत. २००१ ते २००३ मध्ये ते १७ झाले.

बिबट्याला आपला मुलूख ठाऊक असतो. पाणी कुठे, लपण कुठे, माणसे कधी येतात-जातात, सारे त्याला माहीत असते. परक्या जागी सोडला की तो बिथरतो नि तिथे टिकत नाही. हल्ले यामुळेच वाढले असावेत, असे त्यांना दिसून आले.

२००९ साली टाकळी ढोकेश्वरला एक बिबट्या विहिरीत पडला. त्याला बाहेर काढून, गळ्यात ठावठिकाणा कळवणारा पट्टा बांधून माळशेज घाटात सोडले. त्याचे नाव ठेवले 'आजोबा'. महिन्याभरात हा गडी सुमारे १२० किलोमीटर चालून मुंबईच्या बाजूला पोचला!

अकोले तालुक्यात त्यांनी शेतांच्या वाटांवर आपोआप फोटो काढणारे कॅमेरे लावले. दोन माणसांच्या अंगठ्यांचे ठसे सारखे नसतात, तसेच दोन बिबट्यांचे ठिपकेही सारखे नसतात. त्यावरून मोजदाद झाली. दर १०० चौरस किलोमीटरला सुमारे ५ मोठे बिबटे निघाले. तरी तिथे माणसांवर हल्ले क्वचितच होत.

२०११ साली केंद्र सरकारने सूचना काढल्या. बिबटे उगाच धरून दुसरीकडे सोडू नयेत, असे त्यांत सांगितले.

धोका टळला असे मात्र नाही. अलीकडेही आपल्या भागात माणसे बळी पडली आहेत. म्हणून आपण सावध राहू या. शेळ्या रात्री बंद गोठ्यात ठेवू या. अंधारात पोरांना एकटे सोडू नये. उसाजवळ वाकून बसू नये. बिबट्या दिसला तर त्याच्याभोवती गर्दी न करता वनखात्याला कळवावे.