वळिवड्याचे पोलिश : ऐकीव गोष्टी आणि खरा इतिहास

२१ ऑगस्ट २०२४ रोजी पंतप्रधान नरेंद्र मोदी यांनी पोलंडची राजधानी वॉर्सा येथे कोल्हापूरच्या नावाने उभ्या असलेल्या स्मारकावर पुष्पांजली वाहिली. त्यानंतर छत्रपती संभाजीनगरात, कॉलेजच्या कट्ट्यापासून घरच्या ओसरीपर्यंत, एकच प्रश्न ऐकू येत राहिला : कोल्हापूर आणि पोलंड यांचा संबंध काय? प्रश्न रास्तच आहे. १९४३ मध्ये पोलिश निर्वासित कोल्हापूरजवळच्या वळिवडे गावी आले, तेव्हा आपले शहर निजामाच्या राज्यात होते, कोल्हापूर वेगळे संस्थान होते आणि तिकडची बातमी इकडे पोचायची सोय फारशी नव्हती. युरोपच्या त्या भागाशी आपली ओळख झाली ती शेंद्र्याच्या स्कोडा कारखान्यामुळे. स्कोडा मात्र चेक कंपनी आहे आणि चेक व पोलिश हे शेजारी असले तरी वेगळे लोक आहेत. मोदींच्या भेटीनंतर मोबाइलवर जे संदेश फिरले, त्यांत खऱ्याइतकेच खोटेही मिसळलेले होते. ते वेगळे काढायला हवे, कारण खरा इतिहास ऐकीव गोष्टीपेक्षा फार मोठा आहे.

“हिटलरच्या तावडीतून सुटलेले ज्यू कोल्हापुरात आले.”

हा सर्वांत घट्ट बसलेला गैरसमज. वळिवड्याला आलेले बहुतेक लोक कॅथलिक ख्रिस्ती होते आणि त्यांना घरातून उठवले ते हिटलरने नव्हे, स्टालिनने. १ सप्टेंबर १९३९ रोजी जर्मनीने पश्चिमेकडून पोलंडवर हल्ला केला, हे शाळेत शिकवतात. १७ सप्टेंबरला सोव्हिएत फौजा पूर्वेकडून आत शिरल्या, हे मात्र राहून जाते. दोघांनी पोलंडची वाटणी आधीच गुपचूप ठरवलेली होती.

१० फेब्रुवारी १९४० रोजी, ऐन कडाक्याच्या थंडीत, सोव्हिएत शिपाई पूर्व पोलंडमधल्या दारांवर येऊन थडकले. निवृत्त सैनिक, वनखात्यातले नोकर, शेतकरी, त्यांच्या बायका आणि मुले यांना मालगाड्यांत कोंबून सैबेरिया आणि अर्खांगेल्स्कच्या जंगलात लाकूडतोडीसाठी नेले. एप्रिलमध्ये अटकेत असलेल्यांच्या कुटुंबांची पाळी आली. त्यांना कझाकस्तानात नेऊन टाकले. जून १९४१ पर्यंत अशा चार मोठ्या लाटा झाल्या. सोव्हिएत कागदपत्रांतच हद्दपारांचा आकडा सव्वातीन लाखांच्या आसपास आहे आणि पोलिश अंदाज त्याहून बरेच मोठे आहेत.

मग हिटलर स्टालिनवरच उलटला. मित्रांची गरज पडताच स्टालिनने ३० जुलै १९४१ रोजी लंडनमधल्या पोलिश निर्वासित सरकारशी करार केला. कैदी सुटू लागले आणि मॉस्कोच्या तुरुंगातून बाहेर आलेल्या जनरल अँडर्स यांनी पोलिश सैन्य उभारायला घेतले. ही बातमी जिथे पोचली तिथून माणसे दक्षिणेकडे निघाली. भूक आणि टायफसने वाटेतच हजारो गेले. १९४२ मध्ये कॅस्पियन समुद्र ओलांडून एक लाखाहून अधिक पोलिश इराणच्या पहलवी बंदरात उतरले. सैनिक आघाडीवर गेले. मागे उरलेल्या बायका, मुले आणि म्हातारी माणसे यांना ठेवायचे कुठे? टांगानिका, युगांडा, मेक्सिको, न्यूझीलंड अशी त्यांची पांगापांग झाली. न्यूझीलंडने नोव्हेंबर १९४४ मध्ये सातशेवर मुले घेतली. सुमारे ५,००० जणांचा निवारा ठरला पंचगंगेच्या काठचे वळिवडे, कोल्हापूरपासून काही किलोमीटरवर.

“शाहू महाराजांनी आसरा दिला.” “नाही, जामनगरच्या महाराजांनी.”

राजर्षी शाहू महाराज १९२२ साली वारले होते. वळिवड्याची छावणी १९४३ मध्ये सुरू झाली, तेव्हा गादीवर दत्तक आलेले बालराजे होते आणि कारभार राजमाता ताराबाईंच्या रीजन्सीकडे होता. जामनगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांची गोष्टही खरी आहे, पण ती वेगळी आहे. त्यांनी १९४२ मध्ये बालाचडी येथे शेकडो पोलिश मुलांना, त्यांत अनाथ पुष्कळ, आपल्या मायेखाली घेतले. ती छावणी १९४६ मध्ये बंद झाल्यावर तिथल्या बऱ्याच मुलांना वळिवड्यालाच आणले. दोन्ही गोष्टी एकत्र कालवल्या की दोन्हींवर अन्याय होतो.

आणखी एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. वळिवडे ही कुणा एकाची खैरात नव्हती. जागा कोल्हापूर संस्थानची, व्यवस्था ब्रिटिश हिंदुस्थान सरकारची आणि खर्च मुख्यत्वे लंडनमधल्या पोलिश सरकारचा. हे सांगितल्याने कोल्हापूरचा मान कमी होत नाही. स्वतः युद्धाची टंचाई सोसणाऱ्या मुलुखाने पाच हजार परके लोक पाच वर्षे आपल्यात सुखाने राहू दिले, हा मोठेपणा पुरेसा आहे.

“छावणी म्हणजे तारेच्या कुंपणात डांबलेले लोक.”

वळिवड्यात कौलारू बराकी होत्या आणि कुटुंबागणिक खोल्या. चर्च, दवाखाना, नाटक-सिनेमाचे सभागृह, अनाथाश्रम, स्काउटची पथके आणि पोलिश भाषेत शिकवणाऱ्या प्राथमिक शाळांपासून हायस्कूलपर्यंत सगळे होते. क्षयाच्या रुग्णांना पाचगणीला पाठवत. आसपासचे शेतकरी भाजीपाला, अंडी घेऊन येत. पुरुष युद्धावर गेलेले किंवा मेलेले असल्याने हा सगळा डोलारा बहुतांशी बायकांनी चालवला. हे मला या इतिहासातले सर्वांत मोलाचे वाटते आणि याचाच उल्लेख सर्वांत कमी होतो.

हे त्यांना इतक्या लवकर कसे जमले? १७९५ साली रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रियाने पोलंडचे उरलेसुरले राज्यही वाटून घेतले आणि १२३ वर्षे नकाशावर पोलंड नव्हताच. १८३० – ३१ चा उठाव फसल्यावर हजारो जण फ्रान्समध्ये गेले. कवी मिकिएविच आणि संगीतकार शोपँ पॅरिसमध्येच राहिले. पुढे पोट भरण्यासाठी लाखो शेतकरी शिकागोला, पेनसिल्व्हेनियाच्या कोळसाखाणींत, ब्राझीलच्या पाराना प्रांतात गेले. जिथे गेले तिथे आधी चर्च, मग शाळा, मग वर्तमानपत्र. देश नसतानाही समाज टिकवायची सवय त्यांना पिढ्यान्‌पिढ्या होती आणि तीच वळिवड्यात कामी आली.

“युद्ध संपले आणि सगळे आपापल्या घरी गेले.”

घर उरलेच नव्हते. १९४५ च्या याल्टा परिषदेत पूर्व पोलंड सोव्हिएत संघाला देऊन टाकण्यात आला. वळिवड्यातल्या बहुतेकांची गावे आज युक्रेन, बेलारूस आणि लिथुआनियात आहेत. त्यांचे वडील, भाऊ, नवरे मे १९४४ मध्ये इटलीत माँते कॅसिनोच्या टेकडीवर लढले होते. त्याच टेकडीसाठी त्याआधी भारतीय तुकड्यांनीही रक्त सांडले होते. तरीही जुलै १९४५ मध्ये ब्रिटनने लंडनमधल्या पोलिश सरकारची मान्यता काढून घेतली. कम्युनिस्ट राजवटीत परतण्याची तयारी थोड्यांचीच होती. १९४७ च्या कायद्याने ब्रिटनने पोलिश सैनिकांना आणि त्यांच्या कुटुंबीयांना वसण्याची परवानगी दिली, त्यामुळे पुष्कळ जण तिकडे गेले. काही आफ्रिकेतल्या छावण्यांत, काही ऑस्ट्रेलिया, कॅनडा, अमेरिकेत. मोजक्या जणींनी इथेच संसार थाटला. काही जण कोल्हापूरच्या मातीतच राहिले, त्यांची थडगी तिथे आहेत.

१९४८ मध्ये छावणी रिकामी झाली आणि त्याच जागी फाळणीत उखडलेले सिंधी आले. आजचे गांधीनगर ते हेच, कापडाच्या घाऊक बाजारासाठी प्रसिद्ध असलेले. आपल्या जालना रोडवरच्या सिंधी कॉलनीतल्या कुटुंबांना ही गोष्ट वेगळी समजावून सांगावी लागणार नाही.

“पोलिश माणूस महाराष्ट्रात आला तो निर्वासित म्हणूनच.”

हेही खरे नाही. मॉरिस फ्रिडमन हे वॉर्साच्या ज्यू कुटुंबातले इंजिनिअर युद्धाच्या आधीच भारतात आले आणि गांधीजींच्या प्रभावाखाली इथलेच झाले. औंध संस्थानात राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधींनी प्रजेच्या हाती सत्ता सोपवण्याची जी राज्यघटना १९३९ मध्ये लागू केली, तिच्या घडणीत फ्रिडमन यांचा मोठा वाटा होता. मुंबईच्या निसर्गदत्त महाराजांची मराठी संभाषणे इंग्रजीत आणून १९७३ मध्ये जगापुढे ठेवली, तीही त्यांनीच.

कोल्हापुरात महावीर उद्यानात पोलिशांचे स्मारक आहे. अंबाबाईच्या दर्शनाला गेलात तर तिथे थांबा आणि गांधीनगरपर्यंतही जाऊन या. एक विनंती आपल्या मराठवाडा विद्यापीठातल्या इतिहासाच्या प्राध्यापकांना : ज्यांनी वळिवड्याच्या पोलिश पोरांबरोबर खेळून बालपण काढले, ती माणसे आज नव्वदीच्या घरात आहेत. पोलिश बाजूच्या आठवणी लंडनमधल्या त्यांच्या मंडळाने गोळा करून जाड ग्रंथात छापल्या आहेत. वळिवड्याच्या गावकऱ्यांच्या आठवणी तशा नोंदल्या गेल्याचे माझ्या पाहण्यात नाही. विद्यार्थ्यांना रेकॉर्डर देऊन या वर्षीच तिकडे पाठवा.