घराच्या उंबरठ्याआड : तागालोग चित्रपटांतील कुटुंब

तागालोग ही मनिला व तिच्या भोवतालच्या प्रदेशाची भाषा होय. या भाषेतील चित्रपटांचा कौटुंबिक कलह हा आवडता विषय राहिला आहे. उपकारकर्त्याचे ऋण आजन्म मानावे, या भावनेला तेथे 'उतांग ना लोओब', म्हणजे अंतःकरणाचे ऋण, असे म्हणतात. आणि जन्मदात्यांच्या ऋणाहून मोठे ऋण कोणते? शिवाय १९५० साली अमलात आलेल्या नागरी संहितेने घटस्फोट नाकारून पतिपत्नींना केवळ विभक्त राहण्याची मुभा दिली. साहजिकच घरातील दुःखाला घराबाहेर वाट उरली नाही.

या कोंडीचे विदारक चित्र लिनो ब्रोका यांच्या 'इन्सियांग' (१९७६) मध्ये आढळते. मनिलातील तोंदो या दरिद्री वस्तीत इन्सियांग आपल्या आईसमवेत राहते. पित्याने त्यांना केव्हाच सोडले आहे. आईने घरात आणलेला तरुण प्रियकर, कत्तलखान्यातील कामगार दादो, मुलीवर बलात्कार करतो. आई मात्र दोष मुलीलाच देते. तेव्हा इन्सियांग दादोवर प्रेमाचे सोंग करून आईचा मत्सर चेतविते व तिच्याच हातून त्याचा वध घडविते. अखेरीस ती तुरुंगात आईला भेटते, मिठी मारते. आई निश्चल राहते. मुलगी पाठमोरी झाल्यावरच तिचे अश्रू ओघळतात. १९७८ साली हा चित्रपट कान महोत्सवात दाखविला गेला.

माइक दे लेऑन यांच्या 'किसापमाता' (१९८१) मध्ये कलहाला आवाजही नाही. 'किसापमाता' म्हणजे पापणी लवते न लवते तो क्षण. निक होआकिन यांनी एका सत्य घटनेवर लिहिलेल्या वृत्तान्तावर तो आधारलेला आहे. निवृत्त पोलीस अधिकारी असलेला पिता विवाहित कन्येला घराबाहेर पडू देत नाही. जावयालाही आपल्याच छपराखाली ठेवतो. त्याचे कन्येशी असलेले नाते निषिद्ध आहे, हे प्रेक्षकाला हळूहळू उमगते. आईला सारे ठाऊक असते, तरी ती मौन पाळते. मुलगी सुटू पाहते, तेव्हा पिता तिघांनाही गोळ्या घालून स्वतःचाही अंत करतो.

फिलिपीन्समध्ये सप्टेंबर १९७२ पासून जानेवारी १९८१ पर्यंत लष्करी कायदा होता. तो उठल्यावरही मार्कोस यांची सत्ता १९८६ पर्यंत टिकली. त्यामुळे या गृहस्वामीच्या रूपात अनेक समीक्षकांना हुकूमशहा दिसला. तथापि हे चित्रपट केवळ रूपके नव्हेत. ज्या घरात वडीलधाऱ्यांना जाब विचारणे हेच पाप ठरते, तेथे दुबळ्याला आसरा उरत नाही, हे त्यांनी निर्भीडपणे दाखविले.